वळण धाकटीकडे

सोमवार, ९ तारीख

टिंब,

अर्ज फेटाळला. आज सकाळी पावणेबाराला. वकीलबाईंनी कोर्टाच्या जिन्यावरूनच फोन करून सांगितलं. दुपारी प्रत हातात आल्यावर प्रूफकाकांनी चष्मा पुसून ती दोनदा वाचली आणि दुजोरा दिला. "निकाल तुझ्या विरुद्ध आहे. बाराव्या पानावर एक काना सुटलाय. बाकी बरोबर."

तू हसशील. लवाद म्हणून ज्या माणसाने दिलेला निवाडा रद्द करा म्हणत मी कोर्टात गेले, ज्याला पक्षपाती ठरवून शपथेवर लिहून दिलं, त्याच्याच दारात निकाल वाचून घ्यायला उभी राहिले. काय करू? आपल्या दुकानाची एकही पाटी काकांनी मजकूर तपासल्याशिवाय रंगली नाही. पाय आपोआप तिकडे गेले. त्यांनीही दार उघडून एवढंच विचारलं, "किती पानं?"

तर आता असं आहे. दुकान आणि बाबांचं नाव माझं. बाबांचं अक्षर तुझं. खाक्यांची पत्र्याची पेटी दहा दिवसांत तुझ्या हवाली करायची, आणि यापुढे नव्या पाटीवर त्या वळणाचं एक अक्षरही मी काढायचं नाही. बाबांनी रंगवलेल्या नावाखाली बसून मी कुणाच्या तरी दुसऱ्याच अक्षरात "येथे थुंकू नये" लिहायचं.

अभिनंदन वगैरे म्हणणार नाही. तुला सवय आहे त्याची.

— ताई

बुधवार, ११ तारीख

टिंब,

परवाचं पत्र रागात लिहिलं. हेही रागातच आहे, पण सविस्तर आहे.

निकालाआधीच्या सुनावणीला तू आली नव्हतीस. तुझे वकील एकटेच आले, हातात एक पातळ फाईल. जिंकणाऱ्याची फाईल पातळच असते म्हणतात. माझी बघायला हवी होतीस.

आमच्या वकीलबाई हुशार आहेत, पण पहिल्याच दिवशी म्हणाल्या, "खाका म्हणजे नकाशा का हो?" मी सांगितलं, जाड कागदावर अक्षर काढायचं, त्याच्या कडेने सुईने भोकं पाडायची, कागद भिंतीला लावून वरून कोळशाच्या भुकटीची पुरचुंडी आपटायची. भिंतीवर ठिपक्यांचं अक्षर उमटतं, मग त्यात रंग भरायचा. म्हणाल्या, "आणि एवढ्यासाठी दोघी बहिणी कोर्टात?" मी म्हटलं, "एवढ्यासाठी."

मग त्यांनी बोटं मोजायला घेतली. "तुमच्या काकांनी लाच घेतली?"

"ते कुणाकडे चहासुद्धा घेत नाहीत."

"तुम्हाला बोलू दिलं नाही?"

"तीन दुपारी बोलले मी. तिसऱ्या दुपारी त्यांना डुलकी लागली, पण जागे झाल्यावर माझं शेवटचं वाक्य त्यांनी म्हणून दाखवलं."

"कराराच्या बाहेरचं काही ठरवलं?"

"नाही."

"मग तक्रार काय आहे?"

"त्यांना ती जास्त आवडते."

वकीलबाईंनी पेन खाली ठेवलं. "ताई, हे कलम कायद्यात नाही."

तरी त्यांनी घासून पुसून अर्ज उभा केला. मुद्दा एकच, आपल्या कराराचं नववं कलम. तुला पाठ असेल. "भागीदारी मोडल्यास नाव थोरलीकडे व वळण धाकटीकडे राहील." आमचं म्हणणं, वळण म्हणजे रस्त्याचं वळण. दुकान वळणावर आहे, गिऱ्हाइकं आपल्याला 'वळणवाले' म्हणतात, घरात कुणी विचारलं "कुठे निघालीस?" तर आपण "वळणावर" म्हणतो. म्हणजे दुकानाची जागा तुझी. अक्षराबद्दल करार गप्प आहे, आणि ज्याबद्दल करार गप्प आहे ते नावाबरोबर जातं, म्हणजे माझ्याकडे. होय, दुकान सोडायला मी तयार होते. तू ते मोठेपणाचं समजू नकोस.

काकांनी निवाड्यात लिहिलं होतं, अक्षरं काढून पोट भरणाऱ्यांच्या करारात वळण म्हणजे अक्षराचंच. जागा द्यायची असती तर 'वळणावरचं दुकान' असं लिहिलं असतं. झालं. दोन ओळींत माझ्या तीन दुपारी संपल्या.

आता नीट वाच, कारण हे तुला कळलंच पाहिजे. न्यायाधीश बाई म्हणाल्या, "रस्त्याचं वळण हाही अर्थ होऊ शकतो. मी लवाद असते तर कदाचित मी तोच लावला असता." मी मागच्या बाकावर ताठ बसले. वकीलबाईंनी मागे न बघता माझ्याकडे बोट हलवलं, म्हणजे 'थांबा'. आणि न्यायाधीश बाई पुढे म्हणाल्या, "पण मी लवाद नाही. तुम्ही दोघींनी मिळून नाव घालून ज्यांना नेमलं, त्यांनी करार वाचला आणि एक अर्थ लावला. कुठल्याही समंजस माणसाला लावता येणार नाही असा तो अर्थ आहे का, एवढंच मी बघणार. मला दुसरा अर्थ बरा वाटतो म्हणून त्यांचा पुसून माझा लिहिता येत नाही. हे अपील नव्हे."

मी सोबत दोन फळ्या नेल्या होत्या. कापडात गुंडाळून. एकीवर तू काढलेलं 'वाचनालय', एकीवर मी काढलेलं. वकीलबाईंना सांगितलंच नव्हतं. मी उभी राहिले आणि गाठ सोडायला लागले. म्हटलं, "बाई, तुम्ही नुसतं एकदा बघा आणि सांगा."

"काय सांगू?"

"बाबांचं वळण कुणाच्या हातात आहे ते."

त्या रागावल्या नाहीत, हेच वाईट. म्हणाल्या, "झाकून ठेवा ते. अक्षर कुणाचं चांगलं हे सांगायला मी इथे बसलेली नाही."

बाहेर आल्यावर अर्धा जिना उतरून वकीलबाई म्हणाल्या, "एक बरं झालं, त्यांनी बघितल्या नाहीत."

मी विचारलं, "का?"

त्या म्हणाल्या, "मी बघितल्या."

— ताई

शनिवार, १४ तारीख

टिंब,

तुझं उत्तर नाही. तुझ्या वकिलांचं मात्र आलं, एका ओळीचं. गुरुवार १९ तारीख, सकाळी दहा, टेंपो येईल, पेटी तयार ठेवावी ही विनंती. 'विनंती' हा शब्द तुझा दिसतो. वकील विनंती करत नाहीत.

वकीलबाईंचं म्हणणं, अजून वर जाता येईल. "पण वरचं दार याहून अरुंद आहे. वाकून आत जाल, आणि आतले साहेबही तेच विचारतील. वरून स्थगिती मिळाली तर टेंपो रिकामा परत जाईल. बुधवारी संध्याकाळपर्यंत सही करून पाठवा." कागद टेबलावर आहे. त्यावर रंगाचा डबा ठेवलाय, उडू नये म्हणून.

आज मी पूल ओलांडून तुझ्या गल्लीत आले होते. तुला कळू नये म्हणून समोरच्या चपलांच्या दुकानात शिरले. चार जोड घालून बघितले. दुकानदार म्हणाला, "बाई, चप्पल बघताय की रस्ता?" शेवटी एक जोड घ्यावा लागला. चावतो.

तुझ्या दुकानावरची पाटी बघितली. हिरव्यावर पिवळं. बाबांनी हे रंग कधीच घेतले नसते. आणि तरी ते वळण होतं. 'अ'चं पोट भरलेलं, 'र'चा पाय जराही न लटपटता खाली आलेला. मी ते अक्षर वाईट निघावं अशी प्रार्थना करत पूल ओलांडला होता, खोटं कशाला बोलू.

लहानपणापासून असंच. बाबा फळीवर मला रेघ आखायला लावायचे आणि अक्षरं झाली की तुला कडेवर घेऊन अनुस्वार द्यायला लावायचे. म्हणून तू टिंब आणि मी रेघ. लोक यायचे, म्हणायचे, "टिंब कुणी दिलं हो? काय गोल आहे!" रेघ कुणी आखली हे कुणी विचारलं नाही, कारण पाटी वाळली की पहिलं काम रेघ पुसायचं. निदान शिरोरेघ तरी माझ्या वाट्याला येईल असं वाटलं होतं. बाबा म्हणाले, "ती अक्षराचीच असते गं, वेगळी काढली की कळते." तेव्हा तू नऊ वर्षांची होतीस. ब्रश तुझ्या हातात दिला त्यांनी.

मग वाचनालयाचं काम आलं. मी मापं घेतली, मी ओळी बसवल्या, ग्रंथपालांशी महिनाभर मीच बोलले, आणि कामाच्या आदल्या दिवशी त्यांनी निरोप धाडला, "त्या अक्षर काढणाऱ्या बाईंना पाठवा." मी म्हटलं, मी पण येते. ते म्हणाले, "कशाला उगीच दोघींना त्रास?" तू तेव्हा हसलीस. त्यात वाईट काही नव्हतं हे मला आज कळतं, तेव्हाही कळत होतं. पण त्या हसण्यावर मी भागीदारी मोडली. बाकी सगळी कारणं मागाहून गोळा केली.

एक गोष्ट मात्र आज बघितली आणि घरी येईपर्यंत गुणगुणत होते. तुझ्या पाटीची ओळ उतरली आहे. डावीकडून सुरुवात बरोबर, उजवीकडे बोटभर खाली. तुझ्या लक्षात आलं नसेल, तू अक्षराच्या इतकी जवळ असतेस. रस्त्यापलीकडून लगेच कळतं. मी चपलांच्या दुकानदाराला विचारलं, "ती पाटी तिरकी वाटते का?" तो म्हणाला, "आता तुम्ही म्हणालात म्हणून वाटते."

मला फार आनंद झाला. लिहून ठेवते, म्हणजे नाकारता येणार नाही.

— ताई

मंगळवार, १७ तारीख

टिंब,

काल काका दुकानात आले. जिना चढून, काठी टेकत. मला वाटलं, पक्षपाती म्हटल्याबद्दल आता बोलतील. त्यांनी खिशातून चार घड्यांचा कागद काढला आणि टेबलावर ठेवला, त्या अपिलाच्या कागदाशेजारीच. म्हणाले, "माझ्याकडे उगीच पडून होता. तुझा आहे."

मी घडी उघडली नाही. काय आहे ते मला माहीत होतं. तुला माहीत आहे की नाही, ते मला आजवर कळलेलं नाही. म्हणून लिहिते.

करार केला ती दुपार आठव. बाबांचा हात थरथरायला लागला होता, म्हणून ते नुसते साक्षीदार. ते सांगत होते, मी लिहीत होते. कच्चा मसुदा झाला, काकांनी तपासला. त्यात नववं कलम असं होतं: "भागीदारी मोडल्यास नाव थोरलीकडे व अक्षराचं वळण धाकटीकडे राहील."

अक्षराचं.

पक्की प्रत करायला बसले तेव्हा मी कागदावर समास आखला, ओळी आखल्या. आठही कलमं आपापल्या ओळीत बसली. नवव्याचा शेवटचा शब्द खाली जात होता. 'राहील' एकटाच पुढच्या ओळीवर, जत्रेत चुकलेल्या पोरासारखा. मला ते बघवेना. तुला माहीत आहे मला काय होतं ते. एका पाटीवर 'आणि'चं 'व' करून मी कितीदा ओळ वाचवली आहे! तर मी 'अक्षराचं' काढून टाकलं. ओळ अशी सुरेख बसली की बाबांनी बोट फिरवून दाखवलं.

काकांनी मसुदा आणि प्रत शेजारी ठेवून वाचली. म्हणाले, "नवव्यात एक शब्द गळलाय."

मी म्हटलं, "ओळ खाली जात होती, काका. अर्थ बदलतो का?"

ते म्हणाले, "घरच्यांसाठी नाही बदलत."

तू तेव्हा खिडकीत ब्रश धूत होतीस. ऐकलंस का? निवाड्याच्या वेळी काकांनी तुला विचारलं, वळण म्हणजे काय ठरलं होतं, तर तू म्हणालीस, "ताईने लिहिलंय. तिलाच विचारा. ती खोटं बोलायची नाही." आणि मी तुझ्यासमोर, खुर्चीत सरळ बसून, रस्त्याचं वळण सांगितलं. तुझी मान खाली होती. काकांच्या खिशात तेव्हा हा मसुदा होता. त्यांनी तो बाहेर काढला असता तर मी त्याच दुपारी खोटी पडले असते, तुम्हा दोघांसमोर आणि मग सगळ्या गावासमोर. त्यांनी निवाड्यात त्याचा शब्दही लिहिला नाही. नुसत्या शब्दाच्या अर्थावर निवाडा दिला, तोही असा की कोर्टाला म्हणता येईल, दुसराही अर्थ होऊ शकतो. मला पळवाट ठेवली आणि मी तिच्यातून धावत कोर्टात गेले. न्यायाधीश बाईंना माझं खोटं पटलं सुद्धा. पटलं, आणि तरी त्यांनी हात लावला नाही. हे मी तुला गेल्या बुधवारी फुशारकीने लिहिलं होतं. आता पुन्हा वाचशील तर वेगळं लागेल.

मी काकांना म्हटलं, "तुम्हाला ती जास्त आवडते, हे तुम्ही कबूल का करत नाही?"

ते म्हणाले, "तिच्या पाट्यांत चुका जास्त असायच्या. माझं काम चालू राहायचं. तुझ्यात मला काही सापडायचंच नाही." जिना उतरताना थांबून म्हणाले, "एकदाच सापडलं. तेही मी सोडून दिलं. आयुष्यात तेवढंच सोडलंय."

याचा अर्थ काय घ्यायचा? एकच घ्यायचा की दोन निघतात? मी सध्या मला सोयीचा घेते आहे.

आणखी एक. पेटीत तुला 'ळ' सापडणार नाही. तो माझ्या कपाटात आहे, खालच्या कप्प्यात, कागदाखाली. निवाडा आला त्याच दिवशी काढून ठेवला. माहीत आहे, हा सरळ सरळ निवाड्याचा भंग आहे, वकीलबाईंना सांगितलं तर त्या कपाळाला हात लावतील. पण त्या पेटीतल्या सगळ्या खाक्यांची भोकं कुणी पाडली आहेत, टिंब? बाबा अक्षर काढायचे आणि उन्हात बसून सुई मी टोचायचे. हजारो टिंबं. तुझं नाव टिंब, आणि टिंबं सगळी माझी. हे मी कोर्टात सांगितलं नाही, कारण करारात तसं कलम नाही. 'ळ'च्या गाठीत सुई माझ्या अंगठ्यात गेली होती. डाग अजून आहे. बाबा म्हणाले होते, "भोकं कुठे चुकली नाहीत हां." माझ्या कामाबद्दल ते एवढंच एकदा बोलले. म्हणून ठेवला.

— ताई

बुधवार, १८ तारीख

टिंब,

अपिलाच्या कागदावर सही केली नाही. संध्याकाळी वकीलबाईंना फोन करून सांगितलं. त्या म्हणाल्या, "बरं." मग म्हणाल्या, "माझ्या ऑफिसची पाटी जुनी झाली आहे. कुणाकडून करून घेऊ?" मी तुझा पत्ता दिला. दिल्यावर दहा मिनिटं माझा जबडा दुखत होता.

पेटी दाराशी आणून ठेवली आहे. यादी वर चिकटवली आहे, स्वर, व्यंजनं, आकडे, दोन प्रकारचे पूर्णविराम. 'ळ' जागेवर ठेवला. बाराखडीच्या क्रमाने लावलंय, तू विस्कटशीलच. मसुद्याचा कागद 'ळ'च्या घडीत आहे. त्याचं काय करायचं ते तू ठरव. वकिलांना दाखव, काकांना परत दे, नाहीतर ब्रश पूस.

माझ्यासाठी मी नवी अक्षरं काढायला घेतली आहेत. सरळ, उभी, बारीक. कुणाच्याच वळणाची नाहीत. आज 'क' पासून 'च' पर्यंत आले. सांगण्यासारखं काही नाही. पण ओळ सरळ आहे.

उद्या दहाला टेंपो येईल. दोन माणसं पेटी उचलतील, कोपरा जड आहे, खालून धरा म्हणावं. पेटीवर खडूची दोरी ठेवली आहे, आपली जुनी, निळी. ती निवाड्यात नाही, करारातही नाही, तिच्यावर कुणाचा हक्क आहे ते कुठलंही कोर्ट सांगणार नाही. तिचं एक टोक तू चार वर्षांची असल्यापासून धरायचीस, पाटीच्या उजवीकडे उभी राहून, जीभ बाहेर काढून. दोघींनी ती ताणून मधे टिचकी मारली की फळीवर सरळ रेघ उमटते, एकटीला ती मारता येत नाही. तू खिळ्याला बांधून मारली असणार, म्हणून तुझी ओळ बोटभर उतरली.

पेटीवाले दोघे बसले तरी टेंपोत पुढे एक जागा उरते असं ड्रायव्हरने फोनवर सांगितलं. मी विचारलं होतं. तुझी पाटी उतरवून पुन्हा आखायला अर्धा दिवस पुरेल. डावं टोक मी धरेन. अक्षराबद्दल मी एक शब्द बोलणार नाही, चांगला तर नाहीच. तू नको म्हणालीस तर दोरी टेंपोबरोबर जाईल आणि मी दुकान उघडेन. हे पत्र रात्रीच कुणाच्या तरी हाती पाठवते, हो म्हणणार असशील तर ड्रायव्हरला सांगून ठेव. मी पावणेदहापासून नव्या चपला घालून दाराशी उभी असेन.

— रेघ